गुणवंतांच्या मंडळ्या

इसवी सन १७७६ च्या डिसेंबरांत अमेरिकेंतील व्हर्जिनिया प्रांतीं, विल्यम अँड मेरी कॉलेजाच्या पांच विद्यार्थ्यांनीं एक गुप्त मंडळ स्थापिलें. एका ग्रीक वचनाच्या आद्याक्षरांवरून त्यास 'फाय बीटा कॅपा' असें नांव ठेविलें; ज्ञानप्रेम हेंच आयुष्याचें सुकाणूं, हा त्या वचनाचा आशय. निबंध वाचावे, वादविवाद करावे आणि खुणेच्या हस्तांदोलनानें एकमेकांस ओळखावें, असा या तरुणांचा व्यवहार. स्वातंत्र्ययुद्धाची झळ लागून १७८१ मध्यें मूळ मंडळ बंद पडलें. परंतु येल व हार्वर्ड येथील शाखांस सनदा आधींच देऊन ठेविल्या होत्या, म्हणून वंश टिकला. पुढें गुप्तता गळाली, १८७५ मध्यें व्हर्मांट विद्यापीठांत स्त्रियांसही प्रवेश मिळाला, आणि तें मित्रमंडळ हळूहळू विद्वत्तेची मोहोर होऊन बसलें.

ही मोहोर मिळविणारानें इतरांसाठीं कांहीं करावें, अशी मात्र अट नव्हती. ती उणीव विसाव्या शतकांत जाणवूं लागली. १९१४ मध्यें वॉशिंग्टन अँड ली विद्यापीठांत निघालेल्या 'ओमिक्रॉन डेल्टा कॅपा'नें विद्वत्तेच्या जोडीस पुढारीपणाची कसोटी लाविली. १९२१ मध्यें मुख्याध्यापकांच्या राष्ट्रीय संघटनेनें हायस्कुलांसाठीं 'नॅशनल ऑनर सोसायटी' काढिली; पिट्सबर्गचे मुख्याध्यापक एडवर्ड राइनरसन हे तिच्या प्रवर्तकांपैकीं प्रमुख. विद्या, सेवा, नेतृत्व आणि शील अशा तिच्या चार कसोट्या. पहिल्या बांकावरील मुलानें मागल्या बांकावरच्यास शिकवावें, ही अपेक्षा सन्मानाच्या व्याख्येंतच शिरली.

विद्या मोजावयास गुणपत्रक असतें. सेवेसाठीं शाळा तासांची नोंद ठेवितात. आणि नोंदवही आली कीं ती भरण्यापुरती सेवा करणारेही आलेच. शील कोणत्या मापानें मोजावें? विल्यम्सबर्गच्या तरुणांनीं आपले सोबती आपणच निवडले होते. येथें निवड शिक्षकांच्या समितीकडे गेली, आणि पेंच तेथेंच पडला. १९९८ मध्यें केंटकी राज्यांतील एका शाळेनें दोन विद्यार्थिनींस, गुण पुरेसे असूनही, सभासदत्व नाकारलें, कारण विवाहापूर्वीं त्या गरोदर राहिल्या होत्या. मुलग्यांच्या वर्तनाची तशी चौकशी कोणीं केली नव्हती. संघीय न्यायालयानें नेमक्या याच विषमतेवर बोट ठेविलें आणि वर्ष संपण्यापूर्वीं त्या दोघींस प्रवेश देण्याचा अंतरिम हुकूम काढिला.