गळाला परवाना

भीमेवर उजनीचं धरण नव्हतं तेव्हा आमच्या डोहात गळ टाकायला कुणाला विचारावं लागत नसे. गांडूळ लावायचं आन् दुपार काढायची. मरळ, वाम, शिंगटा, लागेल ते घरच्या कालवणाला. इंग्रजानं 1897 ला मासेमारीचा कायदा केला, त्यात मुख्य बंदी सुरुंगाची आणि पाण्यात विष कालवायची. ती रास्तच; एका सुरुंगात पिलासकट डोह उलटा व्हायचा.

1980 ला धरण झालं. मळे बुडाले. पाणी फार आटलं की पळसदेवचं जुनं देऊळ तेवढं वर येतं. पाणी सरकारचं झालं, मासा ठेक्याचा. माझाच बांध पाण्याखाली आहे, तिथं काठाला बसलो तर रखवालदार म्हणाला, "आण्णा, परवाना?"

कचेरीत गेलो. "धंदा मासेमारीचा का?"

"नाही साहेब, शेतीचा. ही हौस."

अर्जात हौसेचा रकाना नव्हता. जाळी किती, होड्या किती, एवढंच. दोन्हीकडं शून्य लिहिलं. तीन खेपांनी कागद मिळाला.

त्या दिवशी गळाला चिलापी लागली. हा मासा मूळचा आफ्रिकेचा. आमच्या डोहात कधी नव्हता.