संगणकातील खेळाचे दोन पत्ते

वाशीम जिल्ह्याच्या कारंजा तालुक्यातील कामरगाव आणि पुण्यातील एखादी सदनिका, या दोन्ही ठिकाणी एखाद्या संगणकीय खेळाची किंमत सारखीच असते. मात्र तो चुकून पुसला गेल्यास होणारे नुकसान सारखे नसते. शहरात फायबरच्या जोडणीवर १०० जीबीचा खेळ एका रात्रीत पुन्हा उतरवून घेता येतो. गावातील घरी मोबाइलचा हॉटस्पॉट हेच इंटरनेटचे एकमेव साधन असेल आणि योजनेत दिवसाला २ जीबीची मर्यादा असेल, तर त्याच खेळाला ५० दिवस लागतात. तेही घरातील इतरांनी तेवढे दिवस इंटरनेट वापरले नाही तर. म्हणूनच सुटीत गावी जाताना खेळ सोबत न्यायचा असो, किंवा गावातील संगणकाची डिस्क भरल्यामुळे जागा मोकळी करायची असो, खेळ संगणकात नेमका कोठे बसवला आहे हे ठाऊक असणे आवश्यक ठरते.

याचा शोध घेताना एक गोष्ट आधी ध्यानात घ्यावी. बहुतेक खेळांचे संगणकात दोन पत्ते असतात. एका ठिकाणी खेळ असतो आणि दुसऱ्या ठिकाणी खेळणाऱ्याची प्रगती, म्हणजे 'सेव्ह' केलेला खेळ. पहिला पत्ता चुकला तर वेळ आणि डेटा खर्ची पडतो. दुसरा चुकला तर कित्येक महिन्यांची मेहनत जाते आणि ती पैसे मोजूनही परत मिळत नाही.

चिन्ह म्हणजे खेळ नव्हे

डेस्कटॉपवर दिसणारे खेळाचे चिन्ह हा केवळ शॉर्टकट असतो. घराची दिशा दाखवणाऱ्या पाटीसारखे त्याचे काम आहे. ते पुसल्याने खेळ पुसला जात नाही आणि डिस्कवरील जागाही मोकळी होत नाही. त्याचप्रमाणे ते चिन्ह पेन ड्राइव्हमध्ये घेतल्याने खेळ सोबत येत नाही. काही केबींची ती फाइल दुसऱ्या संगणकावर निरुपयोगी ठरते.

महाराष्ट्रात २००१ मध्ये सुरू झालेल्या एमएस-सीआयटी अभ्यासक्रमाने फाइल आणि फोल्डर या संकल्पना तालुक्याच्या गावांपर्यंत पोहोचवल्या. त्याच वर्षी आलेल्या विंडोज एक्सपीमध्ये काही खेळ आधीपासूनच होते. पण तेही एकाच जागी नव्हते. पत्त्यांचा सॉलिटेअर 'सिस्टिम३२' या फोल्डरमध्ये होता, तर पिनबॉल 'प्रोग्रॅम फाइल्स'मधील 'विंडोज एनटी' या फोल्डरमध्ये. 'गेम्स' नावाचे एकच फोल्डर असेल ही समजूत तेव्हाही खरी नव्हती आणि आजही नाही.

पहिला पत्ता : खेळ कोठे बसवला आहे?

सीडी किंवा डीव्हीडीवरून बसवलेल्या खेळाचा पत्ता शोधणे सोपे आहे. शॉर्टकटवर राइट क्लिक करून 'ओपन फाइल लोकेशन' हा पर्याय निवडावा. खेळाचे मूळ फोल्डर उघडते. विंडोज एक्सपी असलेल्या जुन्या संगणकावर शॉर्टकटच्या 'प्रॉपर्टीज'मध्ये जाऊन 'फाइंड टार्गेट' हे बटण दाबावे लागते.

शॉर्टकट नसेल, तर खेळ सुरू करून 'ऑल्ट' आणि 'टॅब' या कळांनी बाहेर यावे आणि 'कंट्रोल', 'शिफ्ट' व 'एस्केप' या कळा एकत्र दाबून टास्क मॅनेजर उघडावा. तेथे खेळाच्या नावावर राइट क्लिक केल्यास 'ओपन फाइल लोकेशन' हाच पर्याय मिळतो. सुरू असलेला प्रोग्रॅम आपला पत्ता लपवू शकत नसल्याने ही रीत सहसा चुकत नाही.

अशा जुन्या खेळांचा नेहमीचा पत्ता सी ड्राइव्हमधील 'प्रोग्रॅम फाइल्स' हा असतो. ६४ बिटच्या विंडोजमध्ये या नावाची दोन फोल्डर दिसतात. त्यांपैकी नावापुढे 'एक्स८६' असलेले फोल्डर ३२ बिटच्या प्रोग्रॅमसाठी असते आणि बहुतांश जुने खेळ तेथेच सापडतात. शिवाय संगणक जोडून देणारे कारागीर डिस्कचे सी, डी, ई असे भाग पाडत आणि खेळ डी किंवा ई ड्राइव्हमध्ये बसवत. त्यामुळे सी ड्राइव्हमध्ये काही न मिळाल्यास तेथेही पाहावे.

ऑनलाइन दुकानांतून घेतलेले खेळ

स्टीम ही सेवा सप्टेंबर २००३ मध्ये सुरू झाली आणि पुढे खेळांची विक्री तबकड्यांकडून इंटरनेटकडे वळली. अशा खेळांच्या शॉर्टकटवर वरील रीत चालत नाही, कारण तो शॉर्टकट खेळाकडे न जाता स्टीमकडे जातो. येथे पत्ता दुकानाच्या प्रोग्रॅमलाच विचारावा लागतो.

स्टीमच्या 'लायब्ररी'मध्ये खेळाच्या नावावर राइट क्लिक करून 'मॅनेज' आणि मग 'ब्राउज लोकल फाइल्स' निवडावे. नेहमीच्या रचनेत हे फोल्डर 'प्रोग्रॅम फाइल्स एक्स८६'मधील 'स्टीम', त्यातील 'स्टीमअ‍ॅप्स' आणि त्यातील 'कॉमन' येथे असते. एपिक गेम्सच्या लायब्ररीत खेळाजवळील तीन टिंबांवर क्लिक करून 'मॅनेज'मध्ये जावे. एक्सबॉक्सच्या प्रोग्रॅममध्ये 'मॅनेज', मग 'फाइल्स' आणि 'ब्राउज' हा मार्ग आहे; तेथील खेळ बहुधा 'एक्सबॉक्सगेम्स' या फोल्डरमध्ये असतात. मायक्रोसॉफ्टच्या दुकानातील काही प्रोग्रॅम 'विंडोजअ‍ॅप्स' या कुलूपबंद फोल्डरमध्ये जातात. ते कुलूप बळेच उघडू नये. त्यामुळे इतर प्रोग्रॅमही बिघडू शकतात.

दुसरा पत्ता : खेळाची प्रगती

घरोघरी वारंवार घडणारे नुकसान या दुसऱ्या पत्त्यामुळे होते. संगणक मंदावला की तो 'फॉरमॅट' करण्याचा सल्ला मिळतो. खेळ डी ड्राइव्हमध्ये असल्याने मुले निश्चिंत असतात. फॉरमॅट झाल्यावर खेळाचे फोल्डर जागेवर असते, पण खेळ पहिल्या पायरीपासून सुरू होतो. प्रगतीची नोंद सी ड्राइव्हमध्ये होती आणि ती पुसली गेलेली असते.

२००३ मध्ये संगणकावर आलेला 'जीटीए : व्हाइस सिटी' आपली नोंद 'डॉक्युमेंट्स'मधील 'जीटीए व्हाइस सिटी यूजर फाइल्स' या फोल्डरमध्ये ठेवतो. २००५ चा 'नीड फॉर स्पीड : मोस्ट वाँटेड' हाही 'डॉक्युमेंट्स'मध्येच स्वतःचे फोल्डर उघडतो. याउलट १९९९ चा 'एज ऑफ एम्पायर्स २' खेळाच्या मूळ फोल्डरमध्येच 'सेव्हगेम' नावाचे फोल्डर ठेवत असे. 'माइनक्राफ्ट'च्या जावा आवृत्तीतील जग 'अ‍ॅपडेटा' या लपवलेल्या फोल्डरमध्ये असते. 'डॉक्युमेंट्स', त्यातील 'माय गेम्स', वापरकर्त्याच्या नावाच्या फोल्डरमधील 'सेव्ह्ड गेम्स' आणि 'अ‍ॅपडेटा' या चार जागा तपासल्यास बहुतेक खेळांची नोंद सापडते. 'अ‍ॅपडेटा' दिसत नसल्यास फाइल एक्सप्लोररच्या 'व्ह्यू'मध्ये 'हिडन आयटम्स' सुरू करावे.

जुन्या खेळांबाबत आणखी एक गुंता आहे. २००७ मध्ये सर्वांसाठी आलेल्या विंडोज व्हिस्टापासून सामान्य प्रोग्रॅमना 'प्रोग्रॅम फाइल्स'मध्ये लिहिण्यास मनाई झाली. एखादा जुना खेळ तेथे नोंद करू लागला, तर विंडोज ती गुपचूप 'अ‍ॅपडेटा'मधील 'लोकल' आणि त्यातील 'व्हर्च्युअलस्टोअर' येथे वळवते. मूळ फोल्डरमध्ये नोंद न सापडल्यास तेथे पाहावे.

'डॉक्युमेंट्स' हे फोल्डर वनड्राइव्हला जोडलेले असल्यास त्याचा पत्ता बदलतो आणि फाइली इंटरनेटवर चढू लागतात. मोजका डेटा असलेल्या घरी याकडे लक्ष ठेवावे. तसेच वापरकर्त्याचे नाव देवनागरीत ठेवल्यास ते फोल्डरच्या पत्त्यातही येते आणि काही जुन्या खेळांना तो पत्ता वाचता येत नाही. असा खेळ नोंद करीत नसेल, तर रोमन लिपीतील नावाचे नवे खाते काढून पाहावे.

शहरातून गावी नेताना

सेकंदाला १०० एमबी वेगाने लिहिणाऱ्या बाह्य डिस्कवर १०० जीबीचा खेळ सुमारे १७ मिनिटांत उतरतो. मोबाइलवरील ५० दिवसांच्या तुलनेत हा मार्ग अर्थातच सोयीचा आहे. मात्र डिस्क 'फॅट३२' पद्धतीची असेल, तर तिच्यावर ४ जीबीहून मोठी फाइल बसत नाही आणि आजच्या खेळांत अशा फाइली सर्रास असतात. डिस्क आधीच 'एक्सफॅट' किंवा 'एनटीएफएस' पद्धतीने फॉरमॅट करावी. असे करताना तिच्यावरील सर्व मजकूर पुसला जातो, हे विसरू नये.

स्टीमचा खेळ नेताना 'कॉमन'मधील फोल्डर नव्या संगणकावर त्याच जागी ठेवावे आणि मग स्टीममध्ये 'इन्स्टॉल' म्हणावे. आधीच असलेल्या फाइली तपासून स्टीम केवळ उरलेला भाग उतरवते. नक्कल सुरू असताना वीज गेली, तर अर्धवट फाइली राहतात. अशा वेळी खेळाच्या 'प्रॉपर्टीज'मधील फाइली पडताळण्याचा पर्याय वापरावा. तबकडीवरून बसवलेला खेळ मात्र नुसते फोल्डर उचलून नेल्याने अनेकदा चालत नाही, कारण त्याच्या काही नोंदी विंडोजच्या रजिस्ट्रीत असतात. त्यासाठी मूळ तबकडीच हवी.

फाइली नेल्या म्हणजे खेळाचा परवाना मिळाला, असे नाही. खेळ ज्याच्या खात्यावर विकत घेतला, त्या खात्यातूनच तो सुरू होतो. यावर उपाय म्हणून 'क्रॅक' केलेली प्रत घेण्याचा मोह होतो. ती बेकायदा तर असतेच. शिवाय ती बसवण्यासाठी अँटिव्हायरस बंद करण्यास सांगितले जाते आणि त्याच संगणकावर घरातील बँकेचे व्यवहार होत असतात.

खेळ काढून टाकताना

जागा हवी असल्यास फोल्डर 'डिलीट' करू नये. विंडोज ११ मध्ये 'सेटिंग्ज', 'अ‍ॅप्स' आणि 'इन्स्टॉल्ड अ‍ॅप्स' येथे प्रोग्रॅमची यादी मिळते. तेथून किंवा दुकानाच्या प्रोग्रॅममधून 'अनइन्स्टॉल' करावे. प्रगतीची नोंद बहुधा मागे राहते. पण त्यावर विसंबू नये.

संगणक दुरुस्तीला देण्यापूर्वी खेळाचे दोन्ही पत्ते कागदावर लिहून ठेवावेत आणि दुसऱ्या पत्त्यावरील फोल्डरची प्रत पेन ड्राइव्हमध्ये घ्यावी. ते फोल्डर सहसा काही एमबींचेच असते. प्रत घेण्यास क्वचितच एका मिनिटाहून अधिक वेळ लागतो.