ताटापासून मातीपर्यंत : डॉ. रॉबर्ट मॅककॅरिसन यांचे कार्य



सेंद्रिय शेतीचा इतिहास सांगताना इंदूरचे नाव आवर्जून घेतले जाते. सर आल्बर्ट हॉवर्ड यांनी १९२४ साली या नगरीत स्थापन झालेल्या कृषिसंशोधन संस्थेत पालापाचोळा, शेण आणि मूत्रमिश्रित माती यांपासून कंपोस्ट खत तयार करण्याची रीत सिद्ध केली. ही रीत 'इंदूर पद्धत' या नावाने देशोदेशी गेली. १९३१ साली हॉवर्ड व त्यांचे सहकारी यशवंत वाड यांनी तिच्यावर ग्रंथही प्रसिद्ध केला. परंतु खताची एखादी रीत म्हणजे चळवळ नव्हे. माती निरोगी असेल तर माणूसही निरोगी राहतो, ही श्रद्धा त्या रीतीला येऊन मिळाली तेव्हाच चळवळ उभी राहिली. या श्रद्धेला प्रयोगाचा आधार देण्यात ज्या वैद्याचा मोठा वाटा होता, त्याच्या कार्याचा आज थोडक्यात परामर्श घ्यावयाचा आहे.

रॉबर्ट मॅककॅरिसन यांचा जन्म १८७८ साली आयर्लंडमध्ये झाला. बेलफास्ट येथे वैद्यकाचे शिक्षण घेऊन १९०१ साली ते हिंदुस्थानच्या वैद्यकीय सेवेत दाखल झाले. वायव्येकडील गिलगिट भागात गलगंडाचा अभ्यास करीत असताना हुंझा खोऱ्यातील लोकांच्या धडधाकट प्रकृतीने त्यांचे लक्ष वेधले. रोग का होतो, हा वैद्याचा नेहमीचा प्रश्न. मॅककॅरिसन यांना त्याच्या उलट प्रश्न पडला : काही माणसे निरोगी का राहतात? त्यांच्या पुढील सर्व कार्याचे बीज या प्रश्नात आहे.

१९१८ साली निलगिरीतील कुन्नूर येथे, पाश्चर संस्थेच्या आवारात, त्यांनी बेरीबेरी रोगाच्या संशोधनास प्रारंभ केला. पुढे येथेच त्यांनी हिंदुस्थानातील निरनिराळ्या प्रांतांचे आहार उंदरांना देऊन त्यांचे परिणाम पाहिले. कोंड्यासकट गव्हाच्या पोळ्या, दूध, लोणी, मोड आलेली कडधान्ये, कच्च्या भाज्या आणि कधीमधी मांस असा शीख शेतकऱ्याचा आहार सर्वांत श्रेष्ठ ठरला. त्यावर वाढविलेल्या हजाराहून अधिक उंदरांत सव्वादोन वर्षांच्या अवधीत रोगाचा मागमूस आढळला नाही, असे त्यांनी नमूद केले. उलट पांढरा पाव, मार्गारीन, डबाबंद मांस, जॅम, गोड चहा आणि फार शिजविलेल्या भाज्या असा इंग्लंडमधील गरिबांचा आहार मिळालेले उंदीर खुरटले, फुप्फुसांच्या व आतड्यांच्या विकारांनी ग्रासले आणि अखेर एकमेकांवर तुटून पडू लागले. साम्राज्याच्या सेवेतील एका डॉक्टराने मायदेशाच्या ताटावर ठेवलेला हा ठपका किती झोंबला असेल, याची कल्पना करता येते.

ताटावरून शेताकडे वळण्याचे पाऊलही त्यांनी उचलले. १९२६ साली कृषिरसायनज्ञ बी. विश्वनाथ यांच्यासह त्यांनी शेणखतावर आणि रासायनिक खतावर पिकविलेल्या धान्यांची तुलना प्रसिद्ध केली. शेणखतावरील धान्याचे पोषणमूल्य अधिक भरते, असा तिचा निष्कर्ष होता. धान्याचा कस केवळ जातीवर अवलंबून नसून जमिनीच्या मशागतीवरही असतो, हा विचार त्यातून पुढे आला.

१९३५ साली सेवानिवृत्त होऊन ते इंग्लंडला परतले आणि दुसऱ्या वर्षी लंडन येथे आहार व राष्ट्रीय आरोग्य या विषयावर त्यांची व्याख्याने झाली. २२ मार्च १९३९ रोजी क्रू या गावी चेशर परगण्यातील डॉक्टरांच्या समितीने आपले सुप्रसिद्ध निवेदन मांडले. समिती सुमारे सहाशे कुटुंबवैद्यांची प्रतिनिधी होती, आणि निवेदनाच्या रचनेत डॉ. लायनेल पिक्टन यांचा पुढाकार होता. रोगनिवारणाचे काम आम्ही केले, पण रोगप्रतिबंधाचे काम सदोष आहारामुळे फसले, असा त्याचा आशय होता. त्या सभेत मॅककॅरिसन आहारावर बोलले आणि हॉवर्ड मातीवर. कुन्नूर आणि इंदूर येथे झालेली दोन कामे अशी परक्या भूमीवर एका व्यासपीठावर आली. पुढे १९४३ साली ईव्ह बाल्फोर यांच्या ग्रंथाने हा विचार लोकांपुढे नेला आणि १९४६ साली ब्रिटनमध्ये 'सॉइल असोसिएशन' स्थापन झाली.

येथे इतिहासाच्या अभ्यासकाने थोडे थांबावयास हवे. मॅककॅरिसन यांच्या उंदरांनी श्रेष्ठ व निकृष्ट आहार यांतील भेद दाखविला. ते अन्न कोणत्या खतावर पिकले, हा त्या प्रयोगांचा विषय नव्हता. खताचा प्रश्न १९२६ च्या स्वतंत्र अभ्यासात होता आणि त्याचा आवाका मर्यादित होता. अनुयायांनी या दोहोंची सरमिसळ केली. हुंझाचे तर पुढे स्वप्ननगर बनले. त्या खोऱ्यात राहून उपचार केलेल्या जॉन क्लार्क या अमेरिकन भूशास्त्रज्ञाने १९५६ च्या आपल्या पुस्तकात तेथील रोगराईचे वर्णन केले, तरी ती दंतकथा टिकून राहिली. सेंद्रिय अन्न अधिक पौष्टिक असते काय, याविषयी आजही शास्त्रज्ञांत एकवाक्यता नाही.

मग या वैद्याचे ऋण कोणते? औषधाच्या बाटलीपुरते वैद्यक त्यांना मान्य नव्हते. रुग्णापासून ताटापर्यंत आणि ताटापासून शेतापर्यंत जाण्याची वाट त्यांनी दाखविली, आणि प्रत्येक टप्प्यावर मत न मांडता प्रयोग मांडला. कुन्नूरची त्यांची प्रयोगशाळा १९५८ साली हैदराबादला हलविण्यात आली. १९६९ पासून ती राष्ट्रीय पोषण संस्था म्हणून ओळखली जाते. विद्यार्थिमित्रहो, त्यांचे निष्कर्ष पुन्हा तपासून पाहण्यात त्यांचा अनादर नाही. ज्याने आपल्या सरकारच्या ताटाचीही तपासणी केली, त्याला ते मानवलेच असते.