तोंडी दिलेलं बेट

ब्राझीलमध्ये रिओ द जानेरोच्या किनाऱ्यावर मारांबाया नावाचं बेट आहे.

१८३१ च्या कायद्यानं आफ्रिकेतून गुलाम आणायला बंदी झाली. कागदावर! जोआकिम ब्रेव्हेस हा कॉफीचा बडा मळेवाला तरीही चोरून माणसं उतरवायचा. जहाजात अर्धमेली झालेली माणसं या बेटावर ठेवायची, खाऊ घालून पोसायची, मग मळ्यावर धाडायची. बाजाराआधी बोकड पोसतात तसं.

१३ मे १८८८ ला गुलामी संपली. सुटका दिली, जमीन नाही. बेटावरची म्हातारी माणसं सांगत आली, ब्रेव्हेसनं मरायच्या आधी हे किनारे आमच्या वाडवडलांना दिले. तोंडी. १८८९ ला तो मेला. पुढं बेट विकलं गेलं, सरकारी झालं, १९७१ ला नौदलाकडं गेलं. सरावाच्या तोफा आल्या. पोराचं लग्न झालं तरी नवी खोली बांधायला मनाई. १९९० नंतर तर कोर्टात खेचलं, अतिक्रमण म्हणून. पिढ्यान्‌पिढ्या मासे मारून जगणारे अतिक्रमणवाले! गायरान कसणाऱ्याला हा शब्द समजावून सांगायला नको.

किलोम्बो म्हणजे मूळची पळालेल्या गुलामांची वस्ती. १९८८ च्या घटनेनं अशा काळ्या वस्त्यांच्या वारसांचा जमिनीवरला हक्क मानला. मग म्हाताऱ्यांच्या आठवणी लिहून घेतल्या गेल्या, त्याच पुरावा झाल्या. तरुणांनी जोंगो पुन्हा धरला. ढोलावरचा नाच तो. गाणी कोड्यासारखी, मालकाला उमगू नयेत अशी.

२०१५ ला मालकीचा कागद हाती आला. सगळ्यांच्या नावानं, एकट्याला विकता येत नाही. बेटाचा मोठा भाग मात्र नौदलानंच ठेवला.