आउगुस्टे डेटर : डॉक्टरांचे नाव उरले, रुग्णेचे विस्मृतीत गेले

१/८
अल्झायमर हे नाव आज घरोघरी ठाऊक आहे. ते डॉक्टरांचे नाव. ज्या स्त्रीच्या आजारावरून ते रूढ झाले, तिचे नाव मात्र फार थोड्यांना माहीत असते. ही तिची हकिकत.

२/८
२५ नोव्हेंबर १९०१. जर्मनीतील फ्रँकफुर्टच्या मनोरुग्णालयात ५१ वर्षांची आउगुस्टे डेटर दाखल झाली. दुसऱ्या दिवशी डॉ. आलॉइस अल्झायमर यांनी तिला प्रश्न विचारले आणि उत्तरे जशीच्या तशी टिपून ठेवली.

३/८
नाव? "आउगुस्टे." आडनाव? "आउगुस्टे." पतीचे नाव? "मला वाटते, आउगुस्टे." पतीचे नाव कार्ल होते. तिच्यापाशी स्वतःचे तेवढे एकच नाव शिल्लक राहिले होते.

४/८
जेवणात फ्लॉवर आणि डुकराचे मांस होते, काय खाता, असे विचारताच ती म्हणाली, "पालक." नाव लिहायला सांगितले, तर 'श्रीमती' एवढे लिहून ती थांबली. पुढचे विसरून गेली.

५/८
पण तिला कशाचीच जाणीव नव्हती, असे म्हणता येत नाही. मी स्वतःला हरवून बसले आहे, असे ती म्हणत असे. स्मृती ढासळत असतानाही, आपले काय चालले आहे हे तिला उमगत होते.

६/८
८ एप्रिल १९०६ रोजी तिचा मृत्यू झाला. तोवर अल्झायमर म्युनिकला गेले होते. त्यांनी तिचा मेंदू आणि कागदपत्रे मागवून घेतली. सूक्ष्मदर्शकाखाली मज्जापेशींत तंतूंचा गुंता दिसला, पेशींबाहेर विजातीय द्रव्याचे साठे दिसले. या आजाराची हीच दोन लक्षणचिन्हे आजही मानली जातात.

७/८
३ नोव्हेंबर १९०६ रोजी ट्यूबिंगेन येथील परिषदेत त्यांनी हे निष्कर्ष मांडले. श्रोत्यांतून एकही प्रश्न आला नाही. १९०७ साली छापलेल्या टिपणात ती '५१ वर्षांची एक स्त्री' एवढीच राहिली. १९१० साली एमिल क्रेपेलिन यांनी आपल्या पाठ्यपुस्तकात या आजाराला अल्झायमरांचे नाव दिले.

८/८
तिची मूळ फाईल पुढे अनेक दशके बेपत्ता होती. डिसेंबर १९९५ मध्ये ती फ्रँकफुर्टलाच सापडली. तीत तिचे छायाचित्र होते, अपुरे राहिलेले हस्ताक्षर होते आणि तिची उत्तरे होती. स्वतःचे नावही जिला पुरते लिहिता आले नाही, तिची ओळख दुसऱ्या कोणीतरी काळजीपूर्वक टिपून ठेवली होती, म्हणूनच ती आज उरली आहे.