एका हत्येचे दोन वारस

‘पळपुटा बाजीराव’ हे विशेषण आपल्या घरांतून इतके रुळले आहे की, ते उच्चारताना कोणी क्षणभरही थांबत नाही. धार, इंदूर, ग्वाल्हेर, बडोदे येथील जुन्या मराठी घराण्यांचे पूर्वज ज्या राज्यविस्ताराबरोबर तिकडे गेले, त्या राज्याचा शेवट या एका माणसाच्या खाती मांडून आपण मोकळे झालो आहोत. दुसरा बाजीराव भित्रा होता, संशयी होता, दिल्या शब्दाला जागणारा नव्हता. मुळात स्वभावच तसा, असे म्हटले की विषय संपतो. परंतु स्वभाव हा जन्मतःच पूर्ण घडलेला असतो काय? मराठ्यांच्या इतिहासातील दोन चुलत नातलगांच्या बालपणाकडे पाहता हा प्रश्न सहज बाजूला सारता येत नाही, असे आम्हांस वाटते.

३० ऑगस्ट १७७३ रोजी शनिवारवाड्यात गारद्यांनी नारायणराव पेशव्यांची हत्या केली. त्या एका घटनेने पुढील पिढीच्या दोन मुलांचे नशीब बांधले. नारायणरावांच्या पत्नी गंगाबाई गरोदर होत्या. बारभाईंनी त्यांना पुरंदरावर सुरक्षित ठेवले व तेथे १८ एप्रिल १७७४ रोजी सवाई माधवरावांचा जन्म झाला. अवघ्या चाळीस दिवसांच्या या बालकास पेशवाईची वस्त्रे मिळाली. इकडे हत्येचा ठपका ज्यांच्यावर आला, ते राघोबादादा बारभाईंच्या फौजांपुढून उत्तरेकडे निघाले. गरोदर आनंदीबाईंना त्यांनी धारच्या किल्ल्यात ठेवले आणि जानेवारी १७७५ मध्ये तेथेच बाजीरावांचा जन्म झाला. पुतण्या आणि काका यांच्या वयात जेमतेम नऊ महिन्यांचे अंतर! एक मारल्या गेलेल्याचा मुलगा, दुसरा आरोपीचा.

सवाई माधवरावांना पित्याचे मुख दिसले नाही. १७७७ मध्ये, ते तीन वर्षांचे असताना, मातोश्रीही गेल्या. पुढील सारे आयुष्य नाना फडणिसांच्या देखरेखीखाली गेले. नानांनी राज्य राखले, मुलास जपले, शिकविले, हे निर्विवाद. तथापि ते जपणे एखाद्या अमोल ठेव्यासारखे होते. कोणाला भेटावे, कोणाशी बोलावे, यावर सतत नजर असे. या मुलास पशुपक्ष्यांचा फार नाद होता आणि पर्वतीच्या पायथ्याशी त्याने प्राणी पाळले होते, हे पुणेकरांच्या आठवणीत दीर्घकाळ राहिले.

बाजीरावांचे बालपण याहून वेगळे, पण मोकळे तेही नव्हते. १७८२ च्या सालबाईच्या तहाने राघोबादादांचे राजकारण संपले. दरमहा पंचवीस हजार रुपयांची नेमणूक घेऊन ते कोपरगावी राहिले व १७८३ च्या डिसेंबरात वारले. त्या वेळी बाजीराव नऊ वर्षांचेही नव्हते. धाकटे चिमाजीअप्पा पित्याच्या मृत्यूनंतर जन्मले. पुढे हे कुटुंब नाशिकजवळ आनंदवलीस पहाऱ्यात राहिले. ‘ध’चा ‘मा’ केल्याची कथा जिच्या नावाला कायमची चिकटली, त्या आईचा हा मुलगा. आपल्याशी गोड बोलणारा आपला की नानांचा हेर, हे लहानपणीच ताडावे लागणे, ही त्याची शाळा होती. १७९४ मध्ये आनंदीबाई वारल्या आणि भावंडांना शिवनेरीवर हलविण्यात आले.

येथे एक लहानशी पण मनास लागणारी हकीकत येते. शिवनेरीवरील बाजीराव आणि पुण्यातील पेशवे यांच्यात गुप्तपणे ममतेचे निरोप जाऊ लागले. नानांना हे कळताच त्यांनी तरुण पेशव्यांना कठोर शब्द ऐकविले आणि शिवनेरीचा पहारा अधिक कडक केला, असे ग्रँट डफने आपल्या १८२६ मधील इतिहासग्रंथात नोंदविले आहे. २५ ऑक्टोबर १७९५ रोजी सवाई माधवराव शनिवारवाड्याच्या वरच्या मजल्यावरून खाली पडले व दोन दिवसांनी वारले. तो अपघात होता की आत्मघात, याविषयी इतिहासकारांत आजही एकमत नाही.

आणि मग जे घडले, त्यात या साऱ्या कथेचे मर्म आहे. ज्या मुलास राज्याने वीस वर्षे शत्रू म्हणून पहाऱ्यात वाढविले, त्यालाच डिसेंबर १७९६ मध्ये पेशवाईच्या गादीवर बसवावे लागले. कैदेत उपयोगी पडणारे गुण, म्हणजे मनातले न बोलणे, सर्वांना होकार देणे, एकास दुसऱ्याविरुद्ध खेळविणे आणि संकट दिसताच निसटणे, हेच त्याने दरबारात वापरले. १८०२ च्या ऑक्टोबरात यशवंतराव होळकरांनी पुण्याजवळ त्याच्या व शिंद्यांच्या फौजांचा पराभव केला, तेव्हा तो पुणे सोडून निघाला आणि ३१ डिसेंबरला वसईच्या तहाने इंग्रजांच्या आश्रयास गेला.

बालपणाचा असा परिणाम होतो काय, यावर विसाव्या शतकात पुष्कळ संशोधन झाले. इंग्लंडातील जॉन बोल्बी यांनी १९४४ मध्ये चोरी करणाऱ्या ४४ मुलांचा अभ्यास प्रसिद्ध केला. कोणाविषयीच माया न वाटणाऱ्या १४ मुलांपैकी १२ जणांची लहानपणी आईपासून दीर्घकाळ ताटातूट झालेली होती. १९९८ मध्ये अमेरिकेत फेलिट्टी, अंडा व त्यांच्या सहकाऱ्यांनी नऊ हजारांहून अधिक प्रौढांची माहिती तपासली. बालपणीचे आघात जितके अधिक, तितके पुढील आयुष्यात नैराश्य, व्यसने व आत्महत्येचे प्रयत्न अधिक, असे त्यांना आढळले. जे मूल सतत धोक्यात वाढते, त्याचे मन धोका हुडकण्यातच तरबेज होते. धोका टळल्यावरही ती सवय सुटत नाही.

म्हणून बाजीरावांना ‘व्यक्तिमत्त्वविकार’ होता, असा निवाडा द्यावा काय? आमच्या मते मुळीच नाही. प्रत्यक्ष तपासल्याशिवाय सार्वजनिक व्यक्तीचे निदान जाहीर करू नये, असा दंडक अमेरिकन मनोविकारतज्ज्ञांच्या संघटनेने १९७३ मध्ये घातला. दोनशे वर्षांपूर्वीच्या माणसाबाबत तर तो अधिकच पाळावा. शिवाय शास्त्राचे साचेही बदलतात. जानेवारी २०२२ पासून लागू झालेल्या जागतिक आरोग्य संघटनेच्या अकराव्या वर्गीकरणात व्यक्तिमत्त्वविकारांचे जुने ठरावीक प्रकार बाजूला सारून आधी विकाराची तीव्रता पाहिली जाते.

आघात झाला म्हणजे स्वभाव बिघडणारच, असाही नियम नाही. हवाई बेटांपैकी कवाई येथे १९५५ मध्ये जन्मलेल्या मुलांचा एमी वर्नर यांनी अनेक दशके मागोवा घेतला. अतिशय प्रतिकूल स्थितीतील मुलांपैकी सुमारे एक तृतीयांश मुले समर्थ, मायाळू माणसे झाली. त्यांना लहानपणी निदान एका वडीलधाऱ्या माणसाचा भरवशाचा आधार लाभला होता, हे त्यामागचे एक मोठे कारण. शिवाय कारण समजले म्हणजे दोष माफ झाला, असेही नव्हे. एप्रिल १८०१ मध्ये विठोजी होळकरांना हत्तीच्या पायी देणारा बाजीराव आपल्या कृत्यास स्वतः जबाबदार होता. इंदूरच्या वाचकांना हे वेगळे सांगावयास नको.

मात्र जबाबदारी एकट्याची नव्हती. सालबाईच्या तहात नेमणुकीचा आकडा ठरला, राहण्याचा प्रश्न सुटला. परंतु मुलांकडे राज्याने ‘प्रतिपक्षाचा दावेदार’ म्हणूनच पाहिले. १८१८ मध्ये राज्य गेले. वार्षिक आठ लाखांच्या नेमणुकीवर बाजीराव बिठूरास गेले आणि गंगाकाठी १८५१ मध्ये वारले. त्यांच्यामागून गेलेल्या कुटुंबांमुळे तेथे मराठी वस्ती झाली, हेही आपल्याच इतिहासाचे पान आहे.

भाऊबंदकी आपल्या घराण्यांना अपरिचित नाही. वाड्याच्या वाटणीवरून, इनामाच्या कागदांवरून दोन शाखांचे बोलणे तुटते आणि चुलत भावंडांनी एकमेकांच्या दारात जाऊ नये, असे वडीलधारे ठरवितात. ज्या भांडणात मुलांचा काही हात नाही, त्याचा पहारा त्यांच्यावर बसतो. शिवनेरी आणि शनिवारवाडा यांच्यामध्ये चोरून जाणारे ते निरोप कोणी अडविले नसते, तर राज्य वाचले असते असे आम्ही म्हणणार नाही. पण त्या दोन पोरक्या मुलांना एकमेकांचा आधार मिळाला असता, आणि तेवढे देणे त्या वेळच्या कर्त्या माणसांच्या हाती होते.