माणसाचे पाणी आणि माशाचे पाणी



"पाणी शुद्ध आहे" असे आपण म्हणतो, तेव्हा ते कोणासाठी शुद्ध, हा प्रश्न सहसा आपल्या मनात येत नाही. माणूस हाच सर्व सृष्टीचा मापदंड, आणि त्याला जे मानवते ते इतर जीवांनाही मानवावे, असे आपण गृहीत धरून चालतो. ह्या समजुतीतील उणीव दाखवून देणारी एक वस्तू आज नांदेड-लातूरच्या पुष्कळ घरांत दिसते. ती म्हणजे दिवाणखान्यातील माशांची काचपेटी. मुलांच्या हौसेखातर पेटी आणावी, नळाचे नितळ पाणी तीत भरावे, चार सोनेरी मासे सोडावेत. आणि दुसऱ्या दिवशी पाहावे तो ते पाण्याच्या पृष्ठभागाशी धापा टाकीत आहेत, किंवा उलटे तरंगत आहेत, हा प्रकार अनेकांच्या घरी घडलेला असतो. मग दोष दुकानदाराला द्यावयाचा, नाही तर दैवाला. खरे कारण त्या नितळ पाण्यात असते, आणि ते पाणी तसे का झाले, ह्याला पावणेदोनशे वर्षांचा इतिहास आहे. तो आपल्या मराठवाड्याच्या अंगणातूनही गेलेला आहे.

मासे पाळण्याची, निदान त्यांचे कौतुक करण्याची हौस आपणांकडे साहेबाबरोबर आली, असे मानण्याचे कारण नाही. लातूर जिल्ह्याच्या सीमेपलीकडे लागूनच बिदर जिल्ह्यात कल्याणी, म्हणजे आजचे बसवकल्याण, आहे. तेथे बाराव्या शतकात चालुक्यांची राजधानी होती. तेथील राजा तिसरा सोमेश्वर ह्याच्या नावावर असलेला 'मानसोल्लास' हा संस्कृत ग्रंथ ११२९ च्या सुमाराचा. शंभर अध्यायांच्या ह्या ग्रंथात राजाच्या करमणुकींमध्ये 'मत्स्यविनोद' नावाचे एक प्रकरण आहे. माशांच्या जाती कोणत्या, ते कोठे राहतात, त्यांस काय खाऊ घालावे, गळाने कसे धरावे, हे सारे त्यात आहे. पण माशासाठी पाणी वेगळे तयार करावे, असा विचार त्या काळी कोणाला पडण्याचे कारणच नव्हते. गोदावरीच्या घाटावर ज्या पाण्याने घागर भरावयाची, त्याच पाण्यात माशांना कणकेच्या गोळ्या टाकावयाच्या. माणसाचे पाणी आणि माशाचे पाणी तेव्हा एकच होते.

ही एकी मोडली ती एकोणिसाव्या शतकाच्या मध्यास. त्या दशकात लंडन शहरात दोन गोष्टी जवळजवळ एकाच वेळी घडल्या. १८५० साली रॉबर्ट वॉरिंग्टन ह्या रसायनज्ञाने काचेच्या भांड्यात मासे, पाणवनस्पती आणि गोगलगायी एकत्र ठेवून दाखविले, की ह्यांचा समतोल साधला तर पाणी दीर्घकाळ टिकते. १८५३ मध्ये तेथील प्राणिसंग्रहालयात लोकांसाठी मत्स्यगृह उघडले. आणि पुढच्याच वर्षी, १८५४ साली, त्याच शहरातील ब्रॉड स्ट्रीटवर पटकीची भयंकर साथ आली. डॉ. जॉन स्नो ह्यांनी घरोघर चौकशी करून, रोगाचे मूळ एका पंपाच्या पाण्यात आहे, असे दाखवून दिले. पुढे १८८४ मध्ये रॉबर्ट कॉख ह्यांनी कलकत्त्यात काम करून पटकीच्या जंतूचा पुरावा पक्का केला. डोळ्यांना नितळ दिसणारे पाणी प्राणघातक असू शकते, हे आता सिद्ध झाले. तेव्हा पाण्यातील अदृश्य जीव मारणे प्राप्त झाले.

त्या कामी आला क्लोरीन. हा वायू शेले ह्या शास्त्रज्ञाने १७७४ मध्येच मिळविला होता, आणि १७९९ पासून कापड पांढरे करण्यासाठी त्याची भुकटीही होऊ लागली होती. १९०५ साली इंग्लंडातील लिंकन येथे विषमज्वराची साथ आली असता, आणि १९०८ मध्ये अमेरिकेत जर्सी सिटी येथे, शहराच्या पाण्यात तो नियमाने मिसळण्यास आरंभ झाला. त्यानंतर जगभर किती बालके ह्या स्वस्त औषधाने वाचली, ह्याची मोजदाद करणे कठीण आहे. आपल्या खेड्यांत ज्या भुकटीस सारे 'टीसीएल' म्हणून ओळखतात, ती हीच. ग्रामपंचायतीचा जलसुरक्षक ती विहिरीत किंवा टाकीत टाकतो आणि नळाच्या पाण्यात औषधाचा थेंब घालून पिवळा रंग येतो की नाही हे पाहतो. नळाच्या टोकाशी लिटरमागे निदान ०.२ मिलिग्रॅम क्लोरीन शिल्लक असावा, असा आपल्याकडील दंडक आहे.

ह्या इतिहासात आपल्या प्रदेशाचा एक वेगळाच धागा आहे. नांदेड आणि लातूर १९४८ पर्यंत निजामाच्या हैदराबाद संस्थानात होते. त्याच संस्थानात, सिकंदराबादेस, २० ऑगस्ट १८९७ रोजी रोनाल्ड रॉस ह्यांना डासाच्या जठरात हिवतापाचा परोपजीवी सापडला. हिवताप डासांमुळे येतो हे कळताच डासांच्या अळ्या खाणाऱ्या माशांना मोल आले. १९२८ मध्ये गॅम्बुसिया हा मासा भारतात आणला गेला. आणि गप्पी तर आज इतका परिचित आहे, की नावावरून तो गप्पा मारणारा असावा असे मुलांना वाटते. वस्तुतः ते त्रिनिदाद बेटावरील रॉबर्ट गप्पी ह्या गृहस्थाचे आडनाव आहे.

आता पाहा, एकच आरोग्य खाते पटकीसाठी पाण्यात टीसीएल घालते, आणि हिवतापासाठी पाण्यात गप्पी सोडते. दोन्ही उपाय खरे, दोन्ही उपकारक. पण एका टाकीत ते सुखाने नांदू शकत नाहीत. म्हणून गप्पी मासे डबकी, न वापरात असलेल्या विहिरी अशा ठिकाणी, आणि टीसीएल पिण्याच्या पाण्यात, अशी वाटणी करावी लागते. आपल्या दिवाणखान्यातील काचपेटीत हाच झगडा लहान प्रमाणावर चालतो.

जे पाणी मूल निर्धास्त पिते, ते माशाला का मारते? आपण पाणी पितो तेव्हा त्यातील अल्पसा क्लोरीन तोंडातल्या व पोटातल्या पदार्थांशी संयोग पावून तेथेच संपतो. मासा मात्र त्या पाण्यात श्वास घेतो. त्याच्या कल्ल्यांचा पडदा अतिशय नाजूक, आणि त्याच्यालगतच रक्त वाहत असते. क्लोरीन त्या पडद्याला जाळतो. पाण्यात प्राणवायू असूनही मासा गुदमरतो. लिटरमागे मिलिग्रॅमचा काही शतांश इतका क्लोरीनही पुष्कळ जातींना पुरे होतो. दंडकातील ०.२ हा आकडा ह्याच्याशी ताडून पाहावा, म्हणजे माणसाच्या आणि माशाच्या शुद्धतेमधील अंतर ध्यानात येईल.

हे अंतर भरून काढणारे द्रव्य म्हणजे वॉटर कंडिशनर, किंवा दुकानांत ज्याला 'अँटिक्लोरीन' म्हणतात ते. त्याचा मूळ घटक बहुधा सोडियम थायोसल्फेट असतो. जुन्या छायाचित्रकारांना तो 'हायपो' ह्या नावाने माहीत होता. चांदीचे क्षार त्यात विरघळतात, हे जॉन हर्शेल ह्यांनी १८१९ मध्ये दाखविले, आणि १८३९ पासून छायाचित्र पक्के करण्यासाठी त्याचा उपयोग होऊ लागला. कापडाच्या आणि कागदाच्या गिरण्यांत धुलाईनंतर मागे राहिलेला क्लोरीन काढण्यासही हेच द्रव्य वापरीत. क्लोरीनशी गाठ पडताच ते त्याचे निरुपद्रवी क्लोराइडात रूपांतर करते, आणि हे काम क्षणार्धात होते. एक भाग क्लोरीनास सुमारे सात भाग हायपो पुरेसे होते. म्हणजे बारा लिटर पाण्यात लिटरमागे अर्धा मिलिग्रॅम क्लोरीन असला, तर हायपो लागते अवघे बेचाळीस मिलिग्रॅम, चिमटीहूनही कमी. बाटलीतील द्रावण घ्यावयाचे असेल तर तिच्यावर लिहिलेले माप पाळावे, आणि ते पेटीत पाणी ओतण्यापूर्वी बादलीतच मिसळावे.

तथापि ह्या द्रव्याच्या मर्यादाही जाणून घ्यावयास हव्यात. नदीत सांडपाणी मिसळून पाण्यात अमोनिया आला असेल, तर क्लोरीनशी त्याचा संयोग होऊन क्लोरामाइन बनते. हायपो त्यातील क्लोरीन काढतो, अमोनिया मात्र मागे राहतो. तेव्हा अमोनियाही बांधून ठेवणारे कंडिशनर घ्यावे लागते. बोअरच्या पाण्यात बहुधा क्लोरीन नसतो, पण काळ्या खडकातून आलेले ते पाणी जड असते आणि त्यात प्राणवायू कमी असतो. कंडिशनरने जडपणा जात नाही, प्राणवायूही वाढत नाही. त्यासाठी हवेचा पंपच हवा. आणखी एक. माशांच्या विष्ठेतून निघणाऱ्या अमोनियाचे नायट्रेट करणारे जंतू फिल्टरच्या स्पंजात वस्ती करून असतात. ह्या जंतूंचे कार्य विनोग्राडस्की ह्यांनी १८९० च्या सुमारास उलगडले. स्पंज नळाखाली चोळून धुतला, की क्लोरीन ह्या सेवकांचाही बळी घेतो. तो पेटीतून काढलेल्याच पाण्यात खळबळावा.

आपल्या घरांत नळ आला की शिळे पाणी ओतून ताजे भरण्याची रीत आहे. माशाच्या बाबतीत ही रीत उलटी करावी. उघड्या बादलीत रात्रभर, शक्य तर हवेचा पंप लावून, ठेवलेल्या शिळ्या पाण्यातून क्लोरीन उडून जातो; क्लोरामाइन मात्र तसे जात नाही. ताजे पाणी घालणे भागच असेल, तेव्हा कंडिशनर हवेच.

ज्या गावाने एप्रिल २०१६ मध्ये मिरजेहून रेल्वेने आलेले पाणी पाहिले, तेथे काचपेटीची गोष्ट काढणे काहींना रुचणार नाही, हे मी जाणतो. पहिल्या गाडीने सुमारे पाच लाख लिटर पाणी आणले होते, आणि ते घरोघर टँकरने वाटावे लागले. मांजरा धरण कोरडे पडले असता माशांची हौस कसली, हा प्रश्न न्याय्य आहे. त्याचे उत्तर असे, की नीट सांभाळलेल्या पेटीचे सारे पाणी बदलावे लागतच नाही. वेळोवेळी चौथा हिस्सा पुरतो, आणि काढलेले पाणी तुळशीला व कुंड्यांना खताचे काम देते. पाणी वारंवार वाया जाते ते मासे मरतात म्हणून, आणि मासे मरतात ते अज्ञानामुळे.

शेवटी, ज्यासाठी हा सारा प्रपंच केला ते सांगतो. पेटीतले मासे मेले म्हणून "नळाच्या पाण्यात विष आहे" असा निष्कर्ष काढणारे, आणि टीसीएलच्या वासाला कंटाळून मुलांना उघड्या विहिरीचे पाणी पाजणारे लोक आजही भेटतात. ही चूक माशाच्या मरणाहून फार महाग पडते. क्लोरीन आपला शत्रू नव्हे. तो पटकीचा शत्रू आहे. पिण्याच्या माठात तो असू द्यावा, आणि माशाच्या पेटीत शिरण्यापूर्वी त्याला निरोप द्यावा. दोन जीवांच्या गरजा भिन्न आहेत हे ओळखून दोघांचीही सोय लावणे, हीच खरी भूतदया. आणि तिला भावनेइतकीच माहितीचीही गरज असते.